तेवीस हिरवे हात आणि एक स्वच्छ

माझ्या मुलीच्या अकराव्या वाढदिवसाला आमच्या भावकीतल्या तेवीस माणसांचे हात मनगटापर्यंत हिरवे होते. फक्त माझा हात स्वच्छ होता. आणि गुन्हेगार मीच होतो.

हे मी गंमत म्हणून सांगत नाही. लोक हसतात, ती गोष्ट वेगळी.

मी साताऱ्यात एका कारखान्यात तपासनीस आहे. दुसऱ्यांनी बनवलेल्या वस्तूंमधल्या चुका शोधायच्या आणि त्यांच्यावर लाल खूण करायची, हे माझं काम. दिवसभर हे केल्यावर घरी जो शिल्लक उरतो, त्याला माझी मुलगी स्वरा 'बाबा' म्हणते. मागच्या वर्षी तिला शाळेत 'माझे बाबा' हा निबंध आला. तिनं लिहिलं, 'माझे बाबा सकाळी जातात.' बाईंनी शेरा दिला, 'अजून लिही.' स्वरानं घरी येऊन वैशालीला, म्हणजे माझ्या बायकोला विचारलं, "आई, अजून काय लिहू?" वैशालीनं थोडा विचार केला आणि म्हणाली, "संध्याकाळी येतात, असं लिही."

ते ऐकून मला रात्रभर झोप लागली नाही. (लागली, पण उशिरा.) दुसऱ्या दिवशी जेवणाच्या सुट्टीत फोनवर एक लेख दिसला. मुलांना आपल्या ओळखीचा अभिमान वाटावा म्हणून कुटुंबानं एकत्र काय काय करावं, याची त्यात यादीच होती. मी ती मान खाली घालून, पाप फेडायला बसल्यासारखी वाचली.

यादीतला पहिला उपक्रम होता कुटुंबाचा झेंडा शिवायचा. तो वैशालीच्या पांढऱ्या ओढणीसोबत धुतला गेला आणि ओढणी कायमची आमच्या कुटुंबाची झाली. दुसरा उपक्रम, कुटुंबाचं गाणं रचायचं. ते आम्ही दोनदाच म्हटलं. दुसऱ्यांदा खालच्या मजल्यावरचे काका वर येऊन विचारून गेले, "घरात कुणाचं बरंवाईट झालंय का?"

तिसरा उपक्रम झाडाचा. पांढऱ्या चादरीवर मोठं झाड काढायचं आणि घरातल्या प्रत्येकाच्या पंजाचा ठसा पान म्हणून उमटवायचा. स्वरा हरखली. तिनं सांगलीकडच्या आमच्या गावी दिवाळीच्या सुट्टीत हे करायचं ठरवलं, कारण तेव्हा सगळी भावकी गोळा होते आणि तिचा वाढदिवसही त्याच सुट्टीत येतो. बुंधा काढून झाल्यावर तिनं विचारलं, "बाबा, मुळाशी कोण? सगळ्यात पहिला माणूस?"

आता खरं उत्तर 'मला माहीत नाही' हे होतं. पण लेखात लिहिलं होतं, मुलांना पूर्वजांच्या पराक्रमाच्या गोष्टी सांगा. मी म्हटलं, "आपला मूळ पुरुष सरदार होता."

"घोडा होता?"

"घोड्याशिवाय सरदार कसला!"

स्वरानं मुळाशी मोठा तपकिरी घोडा काढला. त्याच्यावर तलवारवाला सरदार बसवला. दुसऱ्या दिवशी अख्ख्या वर्गाला सांगून आली. मी काही बोललो नाही. कारखान्यात असा माल माझ्यासमोर आला असता, तर मी तो परत पाठवला असता.

गावी पोचलो तेव्हा लक्षात आलं, की लहान मुलांसाठी आणलेले रंग साताऱ्यात चपलांच्या कपाटावरच राहिले. पण माझे वडील, आबा, फौजेतून हवालदार म्हणून निवृत्त झालेले. निवृत्तीनंतर त्यांनी घरातली प्रत्येक गोष्ट फौजी हिरव्या रंगात रंगवून काढली आहे. फाटक, टाकी, बाज, बादल्या! एक मांजर थोडक्यात वाचलं. त्यामुळे गोठ्यात हिरव्या रंगाचा अर्धा डबा होताच. मी तो उचलला. डब्यावर काय लिहिलंय ते वाचणं हे माझं पोटापाण्याचं काम. मी वाचलं नाही. रंग तो रंग!

अंगणात चादर पसरली. मी एका हातात डबा आणि एका हातात ब्रश घेऊन उभा राहिलो आणि एकेकाचा तळवा रंगवू लागलो. आबा पुढं आले.

"आरं संज्या, ह्यो रंग जातोय न्हवं?"

"जातो आबा. मुलांच्या खेळाचा आहे."

"वास लय वळखीचा येतुय."

"सगळ्या रंगांचा येतो, आबा."

आबांनी पंजा दिला. मग आईनं. मग आबांचे धाकटे भाऊ तात्या आले. तेही माजी सैनिक. जगात दोन गोष्टींवर त्यांचा विश्वास नाही, एक म्हणजे सरकार आणि दुसरा मी. त्यांनी मुळाशी वाकून बघितलं.

"ह्यो घोड्यावरचा कोण रं?"

"आपला मूळ पुरुष, तात्या. सरदार."

"कुनी सांगितलं?"

"ऐकून आहे."

"कुनाकडनं? मी सत्तर वरसं हितं हाय, मला कसं कुनी सांगितलं न्हाई?"

स्वरा माझ्याकडे बघत होती. मी म्हटलं, "हेळव्याला बोलावू की! तो सांगेल."

हेळवी म्हणजे आमच्या भागातला वंशावळ सांगणारा माणूस. बेळगावाकडून येतो. पूर्वी बैलावर बसून यायचा, आता मोटारसायकलवर येतो. आपलं कूळ कुठून आलं, कुणाला कोण झालं, हे वहीतून मोठ्यानं वाचतो, नव्यानं जन्मलेल्यांची नावं लिहून घेतो आणि धान्य, एखादं घोंगडं घेऊन पुढच्या गावाला जातो. परत येतो तो आठ-दहा वर्षांनीच. नेमका त्या दिवाळीत तो शेजारच्याच गावात उतरला होता.

"त्यांच्या वहीत मी पण असेन ना?" स्वरानं विचारलं.

"म्हणजे काय! तुझं नाव असणारच. तुझ्या वाढदिवसालाच बोलावतो. सगळ्यांसमोर वाचायला सांगतो."

तिचा चेहरा असा उजळला, की मला वाटलं, निबंधात एक ओळ वाढली. तिनं तात्यांच्या सुना, चुलत भावंडं, शेजारच्या दोन आज्या, सगळ्यांना सांगितलं, "परवा माझं नाव वाचणार आहेत!" खरं सांगतो, त्या क्षणी मला काहीही आठवत नव्हतं. आठवत असून खोटं बोललो असतो, तर निदान तेवढी तरी अक्कल होती असं म्हणता आलं असतं.

तेवीस पंजे उमटले. बुंध्याच्या बरोबर मध्यभागी मी माझ्यासाठी जागा राखून ठेवली होती. पण तेवढ्यात तात्या नळावरून ओरडले, "आरं, हे निघंना!"

साबण झाला, राख झाली, खोबरेल तेल झालं. एकानं मोटारसायकलमधलं पेट्रोल काढलं, तर तात्यांची सून म्हणाली, "आवं, दिवाळीच्या पणत्या हायत शेजारी!" हात हातावर घासून घासून ज्यांचा एकच हात हिरवा होता, त्यांचे दोन्ही झाले. आबांनी डबा हातात घेतला, लांब धरून वाचला आणि शांतपणे म्हणाले, "फाटकाचा रंग हाय. पाच वरसं टिकतोय म्हणून लिवलंय."

आईनं त्या दिवशी चकलीचं पीठ कुणालाच मळू दिलं नाही.

इथवर सगळं हसण्यावारी गेलं असतं. पण दिवस नोव्हेंबरचे होते, आणि नोव्हेंबरात निवृत्त फौजींना हयातीचा दाखला द्यावा लागतो. मशीनवर अंगठा ठेवायचा. मशीन म्हणालं की माणूस जिवंत, की मग माणूस जिवंत. दुसऱ्या दिवशी सकाळी आबा आणि तात्या इस्त्रीचे कपडे घालून तालुक्याला निघाले. गाडी मी चालवत होतो. (माझेच हात तेवढे स्वच्छ होते ना!)

मशीननं आबांचा अंगठा चाखला आणि थुंकला. ओळख पटली नाही.

खिडकीतला पोरगा म्हणाला, "बाबा, दुसरा अंगठा बघू."

आबांनी दुसरा दाखवला. तोही हिरवा. पोरगा आबांच्या दोन्ही तळव्यांकडे बघत राहिला. मग तात्यांच्या. मग पुन्हा आबांच्या.

"बाबा, तुम्ही असल्याचं दुसरं काही आहे का?"

"आरं, मी बोलतोय न्हवं तुझ्याशी!"

"बोललेलं मशीनला चालत नाही, बाबा. रंग गेला की या."

मुलीला ओळख मिळावी म्हणून निघालो होतो, आणि बापाची होती ती घालवून बसलो. परतीच्या वाटेवर ऊस भरलेल्या ट्रॅक्टरमागं आम्ही अर्धा तास रांगत होतो, तेव्हा आबा खिडकीबाहेर बघत म्हणाले, "चोवीस वरसं बर्फात काढली. दुश्मनाला जमलं न्हाई. घरच्यानं करून दावलं."

तात्या मागून म्हणाले, "आन् स्वतःचा हात बघ कसा ठेवलाय. जावयावानी!"

मी आरशात बघायचंही टाळलं.

तर असा तो वाढदिवस उजाडला. अंगणात भावकी जमली. केक आला, तो सगळ्यांनी चमच्यानं खाल्ला. स्वरानं नवा फ्रॉक घातला होता, आणि ती चादरीजवळ अगदी पुढं बसली होती. हेळवी मल्लाप्पा आले. पांढऱ्या मिशांचे, गंभीर. त्यांनी समई लावली, घंटा वाजवली, कापडातून वही सोडली आणि समोरच्या हिरव्या हातांकडे एक नजर टाकली. माणूस जुना. काही विचारलं नाही.

"लिवलंय तसं वाचतो बगा. कमी न्हाई, जास्त न्हाई."

मी मान डोलावली. सरदाराची मला धाकधूक होती. म्हटलं, सरदार नसला तर नसला, निदान पाटील तरी निघावा.

"मोठा दुष्काळ पडला. पल्याडच्या मुलखातनं दोन लेकरं चालत आली. भाऊ रामा, वय सा वरसं, पायानं अधू, चालता येईना. थोरल्या भनीनं पाठीवर घिऊन आनला. ह्या गावानं ठेवून घेतलं. त्या रामाचा ह्यो वंश बगा."

सगळ्यांच्या माना हळूहळू चादरीवरच्या घोड्याकडे वळल्या.

"घोडं?" तात्यांनी विचारलं.

"घोडं न्हाई."

"तलवार?"

"कुदळ हाय एक."

"सरदार?"

मल्लाप्पांनी पान उलटून पाहिलं. खरंच उलटून पाहिलं, माझ्यावर दया म्हणून. "न्हाई बगा."

तात्यांनी माझ्याकडे पाहून फक्त हिरवा हात हलवला. त्यात सगळं आलं.

पण स्वरा सरदारासाठी रडली नाही. तिनं विचारलं, "त्या बहिणीचं नाव काय?"

"नाव सांगितलं न्हाई, असं लिवलंय."

"कुणी सांगितलं नाही?"

"जो लिवायला सांगत हुता, त्येनं."

"तिनंच तर आणलं ना त्याला?"

"व्हय. पर कुनी सांगितलं न्हाई तर आमी कसं लिवनार, बाळ?"

मल्लाप्पा पुढं वाचत गेले. रामाला कोण, त्याला कोण, विहीर कुणी पाडली, आंबा कुणी लावला. आबांचं नाव आलं, 'फौजेत गेला' असं आलं, आणि आबा गेल्या दोन दिवसांत पहिल्यांदा ताठ बसले. वहीत तरी ते जिवंत होते. मग माझं नाव आलं. स्वरानं फ्रॉक सारखा केला. आणि त्या क्षणी, अगदी त्या क्षणी, मला सगळं आठवलं. हेच अंगण, हीच वही. स्वरा तेव्हा दोन महिन्यांची, आत पाळण्यात. मल्लाप्पांनी विचारलं होतं, "नाव काय लिवू?"

मी म्हटलं, "मल्लाप्पा, जरा पाणी प्या..."

पण मल्लाप्पा अर्धं वाक्य सोडणाऱ्यातले नव्हते.

"संजय. नोकरी सातारा. बायको मलकापूरची. मुलगी एक. नाव सांगितलं न्हाई." इथं तरी थांबावं! नाही. "बाप म्हनला, ऱ्हाऊ दे. पुढच्या खेपंला पोरगा झाल्यावर दोनी नावं एकदम लिवू."

समईची वात चरचरली.

मी घसा खाकरला. "तेव्हा... बारसं झालं नव्हतं तिचं."

वैशाली मागच्या रांगेतून म्हणाली, "महिना झाला होता. कंदी पेढे तुम्हीच वाटले होते." मग थोडं थांबून तिनं विचारलं, "आणि मी नुसती मलकापूरची होय?"

मला वाटलं, आबा काहीतरी बोलतील. तात्या तरी बोलतील. आयुष्यभर माझ्यावर तोंडसुख घेणारे तात्या, त्या दिवशी नेमके खाली मान घालून आपला हिरवा अंगठा निरखत बसले. मी इतका एकटा कधी पडलो नव्हतो. पुढं दुसरं मूल झालं नाही, ही गोष्ट वेगळी. झालं असतं तरी ते वाक्य वहीत तसंच असतं. मला लाल खुणा करायला पगार मिळतो, आणि माझी स्वतःची सगळ्यात मोठी चूक दुसऱ्याच्या अक्षरात, चांगल्या शाईत, कापडात बांधून जवळजवळ अकरा वर्षं गावोगाव फिरत होती.

स्वरा उठली आणि आत गेली. मी तिच्यामागं जायला उठलो, तर आई म्हणाली, "बस खाली. लय केलंस तिच्यासाठी."

पण स्वरा लगेच बाहेर आली. हातात खडू आणि रंगाचा डबा होता. ती चादरीच्या मुळाशी बसली. आधी हिरव्या रंगानं उंच गवत काढलं, त्यात घोड्याचे मागचे दोन पाय बुडाले. मग खडूनं शेपटीची वेणी केली. मान आखूड केली, तोंड गोल केलं, कपाळाला टिकली लावली. तलवारीची कुदळ झाली. सरदार होता तिथंच राहिला, फक्त आता तो बहिणीच्या पाठीवर होता.

तात्यांनी वाकून बघितलं. "आता खरं वाटतंय," ते म्हणाले.

"मल्लाप्पाकाका," स्वरा म्हणाली, "लिहिलेलं पुसता येतं?"

"न्हाई बाळ. आमी पुसत न्हाई. पुढं लिवतो."

"मग पुढं लिहा. स्वरा. तिची आई वैशाली. तिची आजी... आजी, तुझं नाव काय गं?"

आई बावचळली. पन्नास वर्षं तिला या घरात सगळे 'थोरली' म्हणतात. "माझं? मला कोन इचारतंय!... म्हायेरचं सांगू का सासरचं?"

"दोन्ही."

"म्हायेरचं सोनाबाई," आई म्हणाली आणि चक्क लाजली.

मग काय विचारता! तात्यांच्या सुना उठल्या, शेजारच्या आज्या उठल्या. ज्यांचा आमच्या कुळाशी काही संबंध नव्हता त्याही रांगेत आल्या. एकीनं आपलं सांगून झाल्यावर मेलेल्या सासूचं सांगितलं, आणि सांगताना पदर डोळ्यांना लावला. मल्लाप्पांचा हात दुखून आला. निघायला त्यांना दिवेलागण झाली. पहिल्या पानावर, त्या बहिणीच्या ओळीपुढं, स्वरानं त्यांना थोडी जागा कोरी ठेवायला लावली. "कळलं तर," ती म्हणाली. कळणार नाही, हे तिलाही माहीत होतं.

गर्दी ओसरल्यावर मी तिच्याजवळ जाऊन बसलो. माफी मागायची होती, पण मी भलतंच बोललो. बुंध्यातल्या रिकाम्या जागेवर बोट ठेवून म्हटलं, "माझा हात राहिलाय गं."

तिनं डब्यात डोकावून पाहिलं. तळाशी एका हातापुरता रंग होता. मला स्पष्ट दिसत होता. तिनं झाकण घट्ट बसवलं.

"राहू द्या, बाबा," ती म्हणाली. रागानं नाही, अगदी सरळ आवाजात. "पुढच्या खेपेला घेऊ. तुमचा आणि मुलाचा, दोन्ही एकदम."

आबांचा अंगठा पंधरा दिवसांनी चालला आणि ते सरकारदरबारी पुन्हा जिवंत झाले. चादर आता आमच्या साताऱ्याच्या घरात, हॉलच्या भिंतीवर आहे. आल्यागेल्याला स्वरा सगळी पानं दाखवते. हे आबा, ही सोनाबाई, ही मी, ही आई. बघणारा हमखास मधल्या पांढऱ्या जागेकडे बोट करून मला विचारतो, "आणि तुमचा हात कुठला हो?"

मी सांगतो, हेळवी आला की उमटणार आहे. तो साधारण दहा वर्षांनी येतो. तोवर मी हात रोज साबणानं स्वच्छ धुऊन ठेवतो.